बोरकरांचा जिना, निखाडेंची हरकत

बालाघाटच्या कोर्टात चहा कधी वेळेवर येत नाही. तो येईपर्यंत आम्ही वकील एकमेकांले किस्से सांगत बसतो, म्हणून इतके साचले. माझ्याकडचे अर्धे तर एकट्या बोरकरकाकांच्या जिन्याचे हायत!

काका भरवेलीच्या खाणीतून रिटायर झाले, गावात घर बांधलं. जिना काढला बाहेरून. दोन घरांच्या मधात जी मोकळी जागा सोडा लागते ना, बरोबर तिच्यात! शेजारी निखाडे, जन्मभर सरकारी नोकरी केलेला माणूस. त्यानं नगरपालिकेत तक्रार ठोकली. मग नोटीस आली, अन् नोटिशीवरून केस.

मी काकांले विचारलं, "पास झालेल्या नक्शात तर जिना घराच्या आत हाय. बाहेर कसा आला?"

"आतल्या जागी देवघर झालं ना. काकू म्हणे, देव आता उठत नाहीत!"

आता हे जजसाहेबांले कसं सांगावं?

*

पण नुसतं हसू नका. वरच्या खोलीत काकांची लेक राहत होती, वैशाली. नवऱ्याचं घर सोडून आलेली, शिलाई करून पोट भरणारी. खाली जागा नाही. जिना तुटला की तिचा वर जायचा रस्ताच बंद.

"वकीलसाहेब, पोरीले आता पुन्हा कुठं पाठवू?" काका कोर्टाच्या दर पेशीले हेच विचारत. मले लई वाईट वाटे.

*

एकदा काका सकाळीच घरी आले. "कोर्टाले लागोपाठ सुट्ट्या कवा हायत? जिन्यावर छपरी टाकतो म्हणतो."

"मुहूर्त पंडितजीले विचारा ना!"

"विचारला. ते म्हणे, पहिले वकिलाले विचारा. सुट्टीत बांधकामावर स्टे येत नाही."

आमचं अख्खं गाव असंच बांधते. दिवाळीत कोणत्याही गल्लीत पाहा, सिमेंटचा मिक्सर फिरून राह्यला! पण मी काकांवर खेकसलो, "जिना वाचवायचा हाय का छपरी?" तवा कुठं गप बसले.

*

नगरपालिकेचे इंजिनिअर टेप घेऊन मोजायले आले. मी काकांले बजावून ठेवलं होतं की काही बोलू नका. काका बोललेच.

"साहेब, हा जिना नाहीच. हे ओटे हायत. एकावर एक बसले."

इंजिनिअरनं मान वर केली. "कहाँ तक बैठे हैं?"

"वरच्या खोलीपर्यंत!"

*

पोळ्याच्या दिवशी काकांनी मले जेवायले बोलावलं. पाहतो तर काय, निखाडे त्याच जिन्यानं वर चालले! वैशालीच्या हातची पुरणपोळी खायले.

"काहून हो निखाडेजी? जिना बेकायदेशीर हाय ना?"

"हौ, जिना हाय. पुरणपोळीवर माझी हरकत नाही."

*

शेवटी केस हरलो. नगरपालिकेची माणसं घण घेऊन आली. काका अंगणात खाली मान घालून बसले. वैशाली डोळे पुसत शिलाई मशीन उतरवून राह्यली होती. ते काही निखाडेंले पाहवलं नाही. "थांब बाई, मी धरतो," म्हणत स्वतःच वर गेले. मशीन उतरवली, मग तिची पेटी आणायले पुन्हा चढले.

तेवढ्यात एका गड्यानं घण उचलला. इंजिनिअर खालून ओरडले, "रुको! निखाडेजी, पहले आप उतरिए!"

"मी कशाले उतरू? तुम्ही चालू द्या तुमचं काम," निखाडे म्हणाले. "मी इकडूनच जातो घरी!"

अन् पेटी काखेत धरून त्यांनी बोरकरांच्या गच्चीवरून एक पाय उचलला, तो सरळ आपल्या बाल्कनीत ठेवला.

गल्लीतल्या साऱ्यांनी माना वर केल्या. तक्रार जिन्याची, म्हणून आजपर्यंत टेप जिन्यावरच फिरला होता. वर कोणी पाहिलंच नव्हतं. इंजिनिअरनं एकदा ती बाल्कनी पाहिली, एकदा खालची मोकळी जागा पाहिली. गड्याले म्हणाले, "घन नीचे रख." मग खिशातून मोबाईल काढला.

"निखाडेजी, हिलना मत. एक पाँव इधर, एक पाँव उधर... बस, ऐसेच खड़े रहो!"