सपनाचं सूत

माझ्या मोठ्या मामांनी भरदुपारी जितकी माणसं झोपवली, तितकी अख्ख्या यवतमाळ जिल्ह्यात दुसऱ्या कुणी झोपवली नसतील. आर्णीहून थोडं आत त्यांचं गाव, आणि गावाबाहेर त्यांच्या शेतातल्या कडुनिंबाखाली त्यांचं न्यायालय. तहसील, पोलीस, वकील या सगळ्यांना ते मान देत. पण ती जागी माणसं, आणि जाग्या माणसाला भांडण मिटवता येत नाही, असं त्यांचं ठाम मत. त्यांचं स्वतःचं बोलणंच असं की ऐकणाऱ्याला पेंग यावी. त्यांच्या अंगणात आलेलं मांजर उंदराच्या मागे न जाता आधी आडवं होई. फोनवर त्यांच्याशी बोलताना मीसुद्धा दोनदा डुलकी काढली आहे.

भांडणारे आले की मामा निंबाखाली वाकळ अंथरत. भोवती राखेचं रिंगण काढत. दोघांना डोक्याला डोकं लावून निजवत, आणि स्वतःच्या शेतातल्या कापसाचं कच्चं सूत वळून एकाच्या अंगठ्यापासून दुसऱ्याच्या अंगठ्याला बांधत. सूत तुटता कामा नये. मग दोघांनी झोपायचं आणि उठल्यावर पडलेलं स्वप्न सांगायचं. निकाल त्या स्वप्नांत असे, आणि तो फक्त मामांना दिसे. ज्याला झोप आली नाही, तो हरला. निजवताना ते पुटपुटत तो मंत्र मी एकदा कान देऊन ऐकला. घरात आजवर होऊन गेलेल्या बैलांची नावं होती ती.

"मामा, हा कसला मंत्र?"

"बैलायचे नावं घेतले का मानूस ढिला होते," मामा म्हणाले. "देवाचं नाव घेतलं का तो उलट उठून हात जोडून बसते."

धुऱ्यावरच्या, म्हणजे शेताच्या बांधावरच्या, बाभळीसाठी भांडणारे दोघे भाऊ असेच निजले होते. थोरला असा घोरला की कावळे उडाले. धाकटा जागा झाला, ऐकत राहिला आणि एकाएकी खुदकन हसला. "लहानपनीबी असाच घोरे हा. माय याले उठवून माह्याकडं पाठ करून निजवे." झालं, स्वप्नाची गरजच पडली नाही. पुढे आर्णीचा एक मेकॅनिक आणि गावातला एक शेतकरी, सारखी बंद पडणाऱ्या मोटरसायकलवरून एकमेकांची गचांडी धरून आले. मेकॅनिकच्या स्वप्नात ती गाडी सोयाबीनमध्ये चरत होती, आणि शेतकऱ्याच्या स्वप्नात मेकॅनिकची आई त्याला ताटात वाढत होती. मामांनी बराच वेळ डोळे मिटून विचार केला. "गाडी उपाशी हाय," ते म्हणाले. "तेल टाका. अन् तू याच्या घरी जेवून ये." दोघेही गाडी ढकलत, गप्पा मारत गेले.

अशा माणसाच्या घरात भांडण शिरलं. गेल्या वेचणीच्या दिवसांत मी तिथे होतो. नागपूरला त्यांची मुलगी बाळंत झाली होती, तिला लवकरच नोकरीवर परतायचं होतं, आणि मामींनी कायमचं तिकडे जायचं ठरवलं होतं. मामा गाव सोडायला तयार नव्हते. मामी एकट्या निघणार होत्या. बॅग भरून दाराशी ठेवली होती, आणि दोघांचं बोलणं बंद. मामी काही सांगायचं तर वासराला सांगत. "तुह्या मालकाले म्हन, भाकर झाकून ठेवली हाय." मामा वासरालाच उत्तर देत. वासरू बिचारं दोघांकडे आळीपाळीनं पाही.

एका दुपारी मामी वाकळ काखेत मारून शेतात आल्या. निंबाखाली अंथरली आणि आडव्या झाल्या.

"बांधा सूत. साऱ्या गावाचं बांधलं, माह्यं काहून नाई?"

मामांच्या तोंडचं पाणी पळालं. "मंग मंतर कोन म्हनन?"

दोघांनी माझ्याकडे पाहिलं. मामा मामींच्या डोक्याला डोकं लावून आडवे झाले, मी सूत बांधलं आणि नावं घ्यायला लागलो. चार-पाच नावांवर अडखळलो, तर मामीच मिटल्या डोळ्यांनी उरलेले बैल सांगू लागल्या. कोण कोणत्या बाजाराचा, कोणाला गूळ आवडे, कोण कोणावर रुसे. सांगता सांगता त्यांचा आवाज मंदावला आणि त्या झोपल्या.

मामा मात्र झोपले नाहीत. आसपास कापूस फुटून पांढरा झाला होता, वारा नव्हता, आणि सगळं शेतच निजल्यासारखं वाटत होतं. निंबाची सावली सरकली. मामींच्या तोंडावर ऊन आलं, तेव्हा मामा बांधलेला हात तसूभर न हलवता हळूच उठून बसले आणि त्यांच्या अंगाची सावली मामींच्या तोंडावर पडेल असे झुकले. तसेच बसून राहिले. मी कितीतरी वर्षं मामांना पाहत आलो, पण त्यांना मामींकडे असं पाहताना पाहिलं नव्हतं.

मामी जाग्या झाल्या आणि त्यांनीच विचारलं, "काय पडलं सपनात?"

"मले झोपच नाई आली."

"म्हंजे हरले तुमी."

"हरलो."

मामी थोडा वेळ सुताकडे पाहत राहिल्या. "मले पडलं. मी कापूस येचून राह्यली, अन् कमरेले बांधलेला ओटा भरूनच नाई राह्यला. धुऱ्यावरून कोनीतरी हाका मारे. तोंड नाई दिसलं, पन आवाज तुमचाच होता. याचा अर्थ सांगा."

मामांनी शेतभर नजर फिरवली.

"याचा अर्थ," ते म्हणाले, "चाल."

शेत पुतण्याकडे देऊन दोघे नागपूरला गेले. चौथ्या मजल्यावर राहतात. नात मामांच्या हाताशिवाय झोपत नाही, असं मामी कौतुकानं सांगतात. मी गावी गेलो की त्यांना फोन करतो. पाऊसपाणी, गुरंढोरं विचारून झाल्यावर मामा नेहमी जरा घुटमळतात.

"गावात भांडनं होतेत का रे?"

"नाही मामा," त्यांना बरं वाटेल म्हणून मी परवा म्हणालो. "हल्ली कुणी भांडत नाही."



"मंग बोलतच नसन कोनी कोनासंग," मामा म्हणाले.