झऱ्यासाठी घेतलेल्या सह्या

लालबागच्या आमच्या चाळीत तो कोपऱ्याच्या खोलीत राहायचा आणि आम्ही जिन्यालगतच्या. माझ्यापेक्षा सहा वर्षांनी मोठा. गाव एकच, त्यामुळे मी त्याला दादाच म्हणायचे. बाबा गेले तेव्हा मी कॉलेजात होते. हॉस्पिटलपासून स्मशानापर्यंत सगळं त्याने केलं आणि नंतर कधी बोलून दाखवलं नाही. हे आधी सांगते, कारण पुढचं ऐकल्यावर लोक मला विचारतात, एवढी शिकलेली बाई तू, तुला कळलं कसं नाही?

गावच्या मुंबईकरांचं एक मंडळ आहे. भोईवाड्यात देवळामागच्या खोलीत महिन्याच्या एका रविवारी बैठक व्हायची. दादा सेक्रेटरी. तोवर मंडळाने देवळावर पत्रे घातले होते, भजनाला पेटी दिली होती. एका बैठकीत तो उठला आणि म्हणाला, "आपण वायंगण परत उभं करूया."

पावसाळ्याचं भात कापून झालं की त्याच जमिनीत दुसरं भात घ्यायचं, ते वायंगण. त्याला पाणी ओढ्याचं. दिवाळी झाली की गावातल्या माणसांनी मिळून दगड, माती, फांद्या रचून ओढा अडवायचा, पाटाने पाणी खाली न्यायचं आणि प्रत्येकाच्या भातखाचराला पाळीने द्यायचं. कुणाची पाळी सकाळी, कुणाची दुपारी, हे भांडून भांडून पिढ्यान्‌पिढ्या ठरलेलं. मग राबणारे हात मुंबईला आले. दगड रचायला पुरेशी माणसं उरली नाहीत आणि निम्मी खाचरं पडीक गेली. दादाचं म्हणणं असं की सिमेंटचा पक्का बंधारा घालू, म्हणजे दर वर्षी रचायची कटकट नको.

खोलीत बसलेल्या सगळ्यांना आपापल्या आईची वायंगणातली लावणी आठवली असणार. कुणीच नाही म्हणालं नाही.

मी दादरला एका आर्किटेक्टच्या ऑफिसात नकाशे काढते. दादा माझ्याकडे बघून म्हणाला, "नकाशा हिच्याकडे." मला फार बरं वाटलं. चाळीत, ऑफिसात, कुठेच कुणी माझ्यावाचून अडलेलं नव्हतं.

मे महिन्यात मी पंधरा दिवसांची रजा टाकून गावी गेले. ऑफिसातून उंचसखल मोजायचं यंत्र मागून नेलं होतं. पट्टी धरायला माझी चुलती. ती गावात एकटी राहते, आणि तिचं खाचर पाटाच्या अगदी शेवटी आहे. पाणी पहिल्या खाचरापासून शेवटच्यापर्यंत पोचायला किती वेळ लागतो हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक नाही. आम्ही दोघी रोज सकाळी निघायचो. ती पुढे, हातात कोयती, आणि मी यंत्र खांद्यावर घेऊन मागे.

एके दिवशी तिने मला ओढ्याच्याही वर नेलं, करवंदांच्या जाळीतून, वाकून. एका कातळाखालून पाणी येत होतं. मनगटाएवढी धार. भर वैशाखात.

"ह्या कधी आटणा नाय," काकी म्हणाली. "व्हाळाक पाणी आसा ता ह्येच्यामुळे. पण कोणाक दाखवा नको गो."

"काकी, बंधाऱ्यासाठी दाखवावंच लागेल. ओढ्याला पाणी कुठून येतं ते नकाशावर नको?"

ती वाकून ओंजळभर पाणी प्याली. मग म्हणाली, "तू म्हणतंस तर दाखव."

मी तो झरा नकाशावर घेतला. त्याची उंची, खालच्या खाचरांपासूनचं अंतर, तिथवर जाणारी पायवाट. इतका स्वच्छ नकाशा मी ऑफिसातही कधी काढला नव्हता.

मुंबईत आल्यावर दादा म्हणाला, आता सह्या. झऱ्याभोवतीची जमीन सामाईक. सातबाऱ्यावर माझं आणि दादाचं धरून वीस-बावीस नावं, आणि त्यातली बहुतेक माणसं मुंबईत. "झऱ्याजवळ टाकी बांधावी लागेल, तिथून पाणी सोडता येईल. सगळ्यांची हरकत नाही असं लेखी पाहिजे," तो म्हणाला. "तू चल बरोबर. तुझ्या बाबांना सगळे मानायचे."

पहिली सही त्याने माझी घेतली. आमच्याच खोलीत, कपाटाला टेकून. दोन पानं टाचलेली होती. पहिल्यावर बंधाऱ्याचं सगळं होतं, ते मी वाचलं. दुसऱ्यावर सरकारी मराठी, गट नंबर, पोटहिस्सा, सदर जागेबाबत आमची कोणतीही हरकत नाही वगैरे. त्याच्यावरून मी नजर फिरवली आणि सही केली. दादाने आणलेला कागद मी काय वाचत बसणार?

मग तीन-चार रविवार आम्ही फिरलो. परळ, शिवडी, वडाळा. शीवला एक म्हातारे गृहस्थ होते, बाबांच्याच गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर असलेले. त्यांचा हात कापत होता. मी कागदाखाली पाटी धरली. ते मला म्हणाले, "मला वाचता येत नाही आता, डोळे गेले. तू वाचलंस ना?"

"हो," मी म्हणाले.

हे एक उत्तर मला अजून झोंबतं.

त्यानंतर वर्षभर बंधाऱ्याचं काही हललं नाही. बैठकीत दादा सांगायचा, तालुक्याला फाइल अडकलीय. मला खरं वाटायचं. सरकारी कामं अशीच चालतात.

पुढच्या जानेवारीत दुपारी ऑफिसात काकीचा फोन आला. ती स्वतःहून कधी फोन करत नाही.

"पाणी खंय गेला गो?" ती म्हणाली. "पाट सुको पडलो. रोपां पिवळी पडली."

"म्हणजे? बंधारा तर अजून..."

"वर पायप घातल्यानी. झऱ्याक कुंपण. थंय हॉटेल होतला म्हणतत, पवच्या तलावाचा."

पोहायच्या तलावाचं हॉटेल, आमच्या झऱ्यावर? मी म्हटलं, काकी, काहीतरी चूक झाली असेल, मी दादाला विचारते. ती म्हणाली, "विचार." आणि फोन ठेवला.

संध्याकाळी मी घरी न जाता सरळ कोपऱ्याच्या खोलीत गेले. तो टीव्ही बघत होता. वहिनी भाजी निवडत होत्या. मी उभ्यानेच सगळं सांगितलं. वहिनी भाजीची परात घेऊन आत गेल्या. त्यांचं ते उठून जाणं पाहिलं आणि मला कळलं. त्याने तोंड उघडण्याआधीच.

"बस," तो म्हणाला.

"झऱ्याची जमीन तू विकलीस?"

"माझा हिस्सा विकला. कायदेशीर."

"सामाईक जमिनीत तुझा हिस्सा नेमका झऱ्यावरच कसा आला?"

"ती जागा माझ्या वाट्याची, असं सगळ्यांनी लिहून दिलंय. तूच सह्या घेतल्यास."

मी त्याच्याकडे बघत राहिले. तो चिडलेला नव्हता, घाबरलेलाही नव्हता. मला समजावून सांगत होता, लहानपणी गणित समजावायचा तसा.

"हे बघ, गावात शेती करतंय कोण? चार म्हाताऱ्या. हॉटेल आलं तर पोरांना कामं मिळतील. मी पाणी नाही विकलं, जमीन विकली. पाण्याचा काय सातबारा असतो?"

"मग मला खरं का नाही सांगितलंस?"

"तू सही केली असतीस?"

"नसती केली."

"म्हणून."

मी बाहेर आले. आमच्या खोलीत गेले आणि आतून कडी घातली. बाबा गेले तेव्हा रडले नव्हते, तेवढी त्या दिवशी रडले. जमिनीचं वाईट वाटत होतंच. पण माझ्या नावाचा, माझ्या बाबांच्या नावाचा त्याने किती शांतपणे उपयोग केला, ते सहन होत नव्हतं. आणि स्मशानातला तो दिवसही आता मला नीट आठवेना. तेव्हा तो खरा होता की नव्हता, असं वाटायला लागलं.

मंडळाच्या बैठकीत मी उभी राहून विषय काढला. एकाने पंखा मोठा केला. अध्यक्ष म्हणाले, "घरातल्या गोष्टी घरात मिटवा." तेव्हा लक्षात आलं की पुढच्या रांगेतल्या दोघा-तिघांना हे आधीपासून माहीत होतं. मी निघाले तेव्हा कुणी थांब म्हणालं नाही.

मग तालुक्याला द्यायचा हरकतीचा अर्ज लिहून मी पुन्हा तीच घरं फिरले, या वेळी एकटी. प्रत्येक दारात सांगायचं, मी तुमच्याकडून घेतलेली सही वेगळ्याच कामाला वापरली गेली. वडाळ्याच्या एका बाईंनी दार अर्धंच उघडलं. "ताई, आमचं नाव आता कुठल्याच कागदावर नको," म्हणाल्या आणि दार लावून घेतलं. शिवडीच्या एकाने तोंडावर विचारलं, तुला त्यात काय मिळालं? मी काहीच नाही म्हणून सांगितलं. त्याने विश्वास ठेवला नाही, आणि मी तरी कुठल्या तोंडाने आग्रह करणार?

शीवच्या आजोबांकडे मी सगळ्यात शेवटी गेले. धीर होत नव्हता.

"तुम्ही विचारलं होतं, वाचलंस का म्हणून," मी म्हणाले. "मी नीट वाचलं नव्हतं. खोटं बोलले."

त्यांनी हाताने मला बसायची खूण केली. मग सुनेला चहा ठेवायला सांगितलं. "तू आलीस तरी. तो आला नाही," एवढंच म्हणाले. नव्या अर्जावर त्यांनी सही केली. त्याआधी मी तो अर्ज त्यांना अक्षर न् अक्षर वाचून दाखवला, दोनदा.

त्या अर्जावर शेवटी नऊ सह्या झाल्या. तालुक्याला जाऊन मी जुनी दप्तरं काढायला लावली. त्यात पाटाची नोंद सापडली, की या ओढ्याचं पाणी खालच्या खाचरांना पूर्वापार जात आलं आहे. विक्री रद्द झाली नाही. पण सुनावणीनंतर हुकूम निघाला की होळीपर्यंत निम्मं पाणी ओढ्यात सोडायचं. नंतरच्या हंगामात गावातल्या माणसांनी पुन्हा दगड-माती रचून ओढा अडवला. निम्म्या पाण्यात वरची खाचरं भिजली. शेवटच्या खाचरापर्यंत ते पोचलं नाही. काकीने त्या वर्षी लावणी केली नाही, आणि पुढेही नाही.

गेल्या वर्षी ती डोळ्याच्या ऑपरेशनला परळला आली. तीन आठवडे माझ्याकडे होती. मी वेळेवर डोळ्यांत थेंब घालायचे, ती निमूट पडून राहायची. मी वाट बघत होते की ती काहीतरी बोलेल. एकदा मीच म्हणाले, "काकी, माझं चुकलं."

"व्हय," ती म्हणाली. जाताना मात्र माझ्यासाठी आणलेले कुळीथ कुठल्या डब्यात ठेवलेत ते दोनदा सांगून गेली.

दादा अजून कोपऱ्याच्या खोलीतच राहतो. जिन्यात समोरासमोर येतो. तो नेहमीसारखा विचारतो, "काय गो, बरी आहेस?" मी ठरवलं होतं कधीच उत्तर द्यायचं नाही. पण चाळीस वर्षांची सवय आहे. तोंडातून "बरी" निघून जातं, आणि वर पोचेपर्यंत मला माझाच राग येत राहतो.