मुख्याध्यापिकेची खुर्ची

आमच्या बेंगळुरूजवळच्या येलहंक्याच्या सरकारी शाळेत साहेब तपासणीला आले की मुख्याध्यापिकेने उठायचं आणि साहेबांनी तिच्या खुर्चीत बसायचं, अशी रीत आहे. कुठे लिहिलेली नाही, तरी कुणी मोडत नाही. त्याच खुर्चीत बसून आमच्या शिक्षणाधिकाऱ्याने माझ्या हक्काचं मुख्याध्यापिकेचं पद माझ्यामागून नोकरीला लागलेल्या बाईंना दिलं, आणि वर मला चहा आणायला सांगितला. मी आणला. तो चहा आठवला की आजही माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते.

मी हायकोर्टात गेले. निकाल माझ्या बाजूने लागला: सेवाज्येष्ठता हिची, पद हिला द्या. निकालाची प्रत घेऊन मी साहेबाच्या कचेरीत गेले. "नाळे बन्नी," तो म्हणाला. उद्या या. दुसऱ्या दिवशीही तेच, आणि पुढेही तेच. केबिनबाहेर उभं राहून माझे पाय सुजायचे आणि आतून त्याचं हसणं ऐकू यायचं. एकदा तो शिपायाला सांगत होता, कोर्टाची ऑर्डर असू दे, सही तर माझीच लागते.

आमचा वकील नात्यातलाच. तो म्हणाला, "अक्का, आता अवमान याचिका घालू. ह्यात खात्याच्या आड लपता येत नाही. त्याच्या नावानेच घालायची. कोर्टाने बोलावलं की त्यालाच येऊन उभं राहायला लागतं."

"तुरुंगात जाईल?"

"स्वल्प थांबा अक्का. कोर्ट आधी सांगितलेलं काम करून घेतं."

"पण जाऊ शकतो ना?"

तो हसला. मला हसू आलं नाही. मला त्या माणसाला आत गेलेलं बघायचं होतं.

सुनावणीला मी चिकपेटेच्या बाजारात घेतलेली, लग्नकार्यात नेसायची साडी नेसून गेले. साहेब माझ्या नेमणुकीचा ताजा आदेश हातात घेऊनच आला होता. त्याने हात जोडून बिनशर्त माफी मागितली. न्यायमूर्तींनी त्याला खरमरीत सुनावलं, माफी स्वीकारली आणि प्रकरण बंद केलं. घरी पेढे वाटले गेले. मी मात्र जळफळत होते. इतका छळ करून हा नुसते हात जोडून सुटला!

पुढे तो तपासणीला येणार असा निरोप आला. त्या सकाळी मी ऑफिसातल्या बाकीच्या सगळ्या खुर्च्या उचलून वर्गांत नेऊन ठेवायला लावल्या. तो आला, रीतीप्रमाणे टेबलाच्या माझ्या बाजूला येऊन थांबला. मी बसल्या जागेवरून नमस्कार केला. दारात सगळ्या शिक्षिका उभ्या होत्या.

"खुर्ची?" त्याने विचारलं.

"ही कोर्टाच्या ऑर्डरने मिळाली आहे, सर. उठले तर अवमान व्हायचा."

मग मी त्याच्यासाठी चहा मागवला. तो त्याने उभ्यानेच प्यायला.