मा न्वेच्या गाण्यातली रिकामी जागा

मेलबर्नच्या ट्रुगानिनातून वॉलॉंगॉंगला विमानाने गेलं तर अर्ध्या दिवसात पोचता येतं. मी ट्रेनने गेलो आणि दुसऱ्या दिवशी दुपारी पोचलो. कारण सांगायची लाज वाटते, पण ते सांगितल्याशिवाय पुढचं काही कळणार नाही. मी एका बाईचं गाणं बिघडवलं होतं, आणि तिला तोंड दाखवायला जितका उशीर होईल तितका मला हवा होता.

मी दीपक, कराडजवळच्या एका गावचा. साउंडचा कोर्स करायला ऑस्ट्रेलियात आलो, शिकलो, पीआर म्हणजे कायम राहायचा परवाना मिळाला, आणि आता एका वेअरहाउसमध्ये फोर्कलिफ्ट चालवतो. साउंडचं काम फावल्या वेळात. लॉकडाउनमध्ये फावला वेळ किती होता ते विचारू नका. शेजारी कोण राहतं हे मला तीन वर्षांत कळलं नव्हतं, पण त्यांचं वॉशिंग मशीन कुठल्या वारी लागतं ते पाठ झालं होतं. शेवटी घरबसल्या लोकांची रेकॉर्डिंग साफ करून द्यायला लागलो. त्यातच मा न्वे भेटली, म्हणजे आधी तिचा आवाज भेटला.

'मा' म्हणजे त्यांच्याकडे ताई. मा न्वे ब्रह्मदेशातली, यांगूनची. तिथे हिप-हॉप करणाऱ्या अगदी पहिल्या मुलींपैकी एक. एका कार्यक्रमासाठी ऑस्ट्रेलियात आली, तेवढ्यात कोविड आला, सीमा बंद झाल्या आणि ती अडकली. वर्षभराने तिकडे लष्कराने सत्ता घेतली. मग परतीचा विषयच संपला. आता ती वॉलॉंगॉंगला एका लॉन्ड्रीत कामाला होती.

मार्चमध्ये तिने मला एक गाणं पाठवलं. त्यांचं नवीन वर्ष एप्रिलच्या मध्यावर येतं, त्याआधी ते लोकांपर्यंत पोचायला हवं होतं. भाषा मला ओ की ठो कळत नव्हती. आवाज मात्र असा, की समोरचा चहा गार झाला तरी माझं लक्ष नव्हतं. एकच गोष्ट खटकली. दर दोन ओळींनंतर ती गप्प व्हायची. चार ठोके काहीच नाही, नुसती मागे फ्रिजची घरघर. मला वाटलं, बाई ओळ विसरते आणि आठवून पुढे जाते. आपण पडलो चोख काम करणारे. सगळ्या रिकाम्या जागा कापल्या, ओळी एकमेकींना चिकटवल्या, घरघर पुसून टाकली. गाणं कसं सुसाट पळायला लागलं. मोठ्या ऐटीत पाठवून दिलं.

तिचं एका ओळीचं उत्तर आलं. 'तू माझी माणसं काढून टाकलीस.'

कोणती माणसं? त्या रेकॉर्डिंगवर तिच्याशिवाय कुत्रंसुद्धा नव्हतं. मी विचारलं, परत विचारलं, मूळ फाइल पाठवू का म्हटलं. उत्तर नाही. ज्यावर तिने रेकॉर्डिंग केलं तो जुना फोन बिघडल्याचं तिने आधीच सांगितलं होतं, म्हणजे मूळ आवाज आता फक्त माझ्या लॅपटॉपवर होता आणि नवीन वर्षाला जेमतेम दोन आठवडे उरले होते. अती शहाणा त्याचा बैल रिकामा म्हणतात, तो मीच. ईस्टरची सुट्टी आली. राज्याराज्यांतल्या सीमा तेव्हा उघड्या होत्या, पुन्हा कधी बंद होतील याचा नेम नव्हता. सहा धपाटे, शेंगदाण्याची चटणी आणि लॅपटॉप पिशवीत टाकला आणि गुरुवारी सकाळी निघालो.

डब्यात जेमतेम दहा-बारा माणसं, सगळी एकमेकांपासून लांब बसलेली. बाहेर पिवळी पडलेली कुरणं, मेंढ्या, मग परत कुरणं. पलीकडच्या खिडकीत एक आजीबाई होत्या. मास्क हनुवटीवर घेऊन त्यांनी विचारलं, "घरच्यांना भेटायला का?"

"नाही. एका बाईंची माफी मागायला."

"इतक्या लांब, ट्रेनने? मग गुन्हा मोठा असणार."

"अजून नक्की कळलेला नाही," मी म्हणालो. त्या हसल्या. वर्षभराने मुलीला भेटायला निघाल्या होत्या, आणि मुलीला मिठी मारायची की नाही याची त्यांना काळजी पडली होती. मी चटणी लावून अर्धा धपाटा दिला. डोळ्यांत पाणी आणून त्यांनी तो संपवला आणि छान आहे म्हणाल्या. नदी ओलांडली की राज्य बदलतं आणि अल्बरी येतं. गेल्या वर्षी सीमा बंद होती तेव्हा तिथे पोलीस उभे होते, आता कोणी ढुंकूनही पाहिलं नाही. आजीबाई उतरल्या. खिडकीतून पाहिलं तर फलाटावर त्या आणि त्यांची मुलगी समोरासमोर नुसत्याच उभ्या होत्या. ट्रेन सुटेपर्यंत तशाच होत्या.

त्यानंतरचे सात-आठ तास मी कोणाशी बोललो नाही. सिडनीला स्टेशनजवळच्या स्वस्त हॉटेलात झोपलो आणि सकाळी किनाऱ्याची गाडी धरली. बोगदा संपला आणि डावीकडे एकदम समुद्र आला, उजवीकडे अंगावर येणारा झाडीचा कडा. सात वर्षं मी या देशात राहतोय आणि असं काही इथे आहे याचा मला पत्ता नव्हता. कोणाला तरी दाखवावं म्हणून फोन काढला, फोटोही काढला, आणि पाठवायला कोणी सुचेना म्हणून खिशात ठेवून दिला.

वॉलॉंगॉंगला उतरलो तर रस्त्यावर चिटपाखरू नाही. त्या दिवशी गुड फ्रायडे होता. इथे त्या दिवशी दुकानं बंद असतात हे मला माहीत नव्हतं असंही नाही, पण डोकं ठिकाणावर नव्हतं. धपाटे सिडनीतच संपलेले. 'मी वॉलॉंगॉंगमध्ये आहे' असा मा न्वेला मेसेज टाकला आणि दीपगृहापाशी बाकावर जाऊन बसलो. दक्षिणेला पोर्ट केंब्लाच्या पोलाद कारखान्याच्या चिमण्या दिसत होत्या. पोटात कावळे ओरडत होते आणि डोक्यावर सीगल. वेळ जाईना म्हणून आबांना, म्हणजे वडिलांना, फोन लावला. गावाकडे नुकतं उजाडलं होतं.

"काय रं, सुट्टी व्हय आज?"

"हो. जरा फिरायला आलोय. बरे आहात ना?"

"बरं हाय."

मग शांतता.

"जेवण करता ना वेळेवर?"

"करतो की."

पुन्हा शांतता.

"मग ठेवू?"

"ठेव."

आई गेल्यापासून दर रविवारी आमचा फोन असाच होतो. दोन मिनिटांच्या वर कधी जात नाही. आबा तीस वर्षं एका शाहिरामागे झीलकरी होते. शाहिराने ओळ टाकली, की मागून 'जी जी रं जी' करून ती उचलून धरायची, हे झीलकऱ्याचं काम. शाहीर वारला आणि आबांचं गाणं थांबलं. झीलकऱ्याला एकट्याला काय गाता येतंय, म्हणायचे. बोलण्याचंही तेच झालं. मी काही विचारलं तर उत्तर देणार, आपणहून शब्द काढणार नाहीत. मला ती शांतता सोसत नाही, मी लगेच 'मग ठेवू' म्हणून मोकळा होतो.

फोन खिशात घालतोय तोच मेसेज आला. मा न्वेचा. 'जेवलास का?' आणि खाली घराचा पत्ता.

खाली बंद दुकान, वर तिची एक खोली आणि स्वयंपाकघर. दार उघडलं ते चाळिशीतल्या, बारीक केस कापलेल्या बाईने. गालांवर थनाखा (झाडाची साल उगाळून केलेला पिवळसर लेप), अंगात लॉन्ड्रीचा निळा शर्ट. बूट काढायला लावले, बसायला सांगितलं आणि म्हणाली, "मला तुझा राग आलेला आहे. पण आज सगळं बंद असतं आणि उपाशी माणसाशी भांडता येत नाही."

तिने मोहिंगा (मासळीच्या रश्श्यात तांदळाच्या शेवया) वाढला. रश्श्याला डाळीचं पीठ लावलेलं होतं. पहिल्याच घासाला मला आईच्या पिठल्याची आठवण झाली आणि मी मान खाली घालून खात राहिलो. दुसऱ्या वाढपाला ती बोलायला लागली.

सतराव्या वर्षी ती मुलांच्या एका ग्रुपमध्ये शिरली. मुलं रॅप करणार आणि हिने मधे गोड आवाजात धृपद म्हणायचं, अशी वाटणी. हिने स्वतःचं कडवं लिहिलं तर म्हणाले, मुलीच्या तोंडी हे शोभत नाही. नवीन वर्षाच्या पाण्याच्या सणाला ट्रकच्या टपावर कार्यक्रम व्हायचा, तिथे तिला चढू देईनात. बाई वर उभी राहिली की खालच्या पुरुषांचं तेज उतरतं, असा समज. "मग तू काय केलंस?" मी विचारलं.

"चढले. तेज ज्याला सांभाळायचं होतं तो लांब जाऊन उभा राहिला. बाकीचे सगळे थांबले."

तिचं नाव झालं. पण त्या काळी प्रत्येक गाण्याचे शब्द आधी सरकारी कचेरीत तपासायला द्यावे लागत. कागद परत यायचा तो निम्म्या ओळी खोडून. तिने त्या जागी दुसरे शब्द घातले नाहीत. ताल चालू ठेवायची आणि खोडलेल्या ओळींपुरती गप्प उभी राहायची. लोकांना काय खोडलंय ते कानोकान कळलेलं असायचं. ते ओरडून ती ओळ म्हणायचे. तिला हे लहानपणीच्या थांज्यातवरून सुचलं होतं. थांज्यात म्हणजे नवीन वर्षाला एकाने टोमणा मारायचा आणि बाकीच्यांनी एका सुरात उत्तर द्यायचं, असं त्यांचं पद.

मी चमचा खाली ठेवला.

"कचेरीतला माणूस माझे शब्द कापायचा," ती शांतपणे म्हणाली. "तू माझं गप्प बसणं कापलंस."

मेल्याहून मेल्यासारखं झालं. दुसऱ्या कोणाची ही चूक मी समजू शकलो असतो. माझं लहानपण झील ऐकण्यात गेलेलं. शाहीर श्वास घ्यायला थांबला की ती जागा आबांची, हे मला चालायला येण्याआधी कळत होतं. मी तिला ते सगळं सांगितलं. ती म्हणाली, "म्हणून दाखव." कित्येक वर्षांनी मी तोंड उघडलं आणि आबांसारखं 'जी जी रं जी' लांबवलं. पहिल्यांदाच ती हसली. त्या जोरावर मी म्हणालो, "हे रेकॉर्ड करून तुझ्या जागांत घालू? रिकामं तरी वाटणार नाही."

"नको," ती म्हणाली. "ती जागा तुझी नाही. तिकडे लोक आता दारं लावून ऐकतील. मोठ्याने म्हटलं तर पकडून नेतात. पण जागा असेल तर तोंडातल्या तोंडात तरी म्हणतील."

आधी मी ती जागा कापली होती आणि आता भरायला निघालो होतो. रिकामी ठेवावी हे काही मला सुचलं नव्हतं. दुपारभर आम्ही एकेक जागा परत उघडली. ती टेबलावर बोटाने ठोके मोजायची आणि दर जागेला तिचे ओठ नुसते हलायचे. फ्रिजची घरघर परत आणली. एका जागेत खिडकीबाहेरचा मॅगपाय पक्षी ओरडला होता, तोही ठेवला. शेवटच्या जागेत तिचा श्वास अडखळलेला ऐकू येत होता. रडू आवरल्यासारखा. मी हात थांबवून विचारलं, "हे ठेवू?"

"ठेव." मग म्हणाली, "लॉन्ड्रीत मशीनं इतकी मोठ्याने चालतात, की मी तिथे पूर्ण आवाजात गाते. कोणाला कळतसुद्धा नाही. वर्षभर तेवढंच गाणं झालंय माझं."

मी फाइल सेव्ह केली आणि तिला पाठवून दिली. निघताना तिने लाफेट (मुरवलेली चहाची पानं) भरलेली बरणी हातात दिली. "पोचलास की कळव," म्हणाली. परतीच्या प्रवासात त्या बरणीला मी तान्ह्या पोरासारखं जपत होतो. अल्बरीच्या फलाटावर यावेळी कोणीच नव्हतं.

गाणं नवीन वर्षाला बाहेर पडलं. आठवड्याने मी तिला विचारलं, तिकडून काही आलं का, कोणी उत्तर दिलं का. ती म्हणाली, कळायला मार्ग नाही, इंटरनेट सारखं बंद असतं. कोणी म्हटलं असेल तर आपल्याला ऐकू येणार नाहीच. मग ती शिफ्टला गेली आणि मी माझ्या.

त्या रविवारी आबांना फोन केला. भारतातून रोज कोविडच्या वाईट बातम्या येत होत्या, विमानं जवळपास नव्हती, गेलो असतो तरी इकडे परत येता आलं नसतं. आबा म्हणाले, "बरं हाय." मग ती नेहमीची शांतता. 'मग ठेवू' अगदी जिभेवर आलं. मी ते गिळलं आणि ठोके मोजायला लागलो. एक, दोन, तीन, चार. पंख्याचा आवाज येत होता. लांब कुठेतरी कोंबडा. आबांचा श्वास. मी मोजत राहिलो, मग मोजायचं सोडून दिलं.

"दीपक, हाईस का?"

"आहे, आबा."

"चहा अजून दोघांचाच हुतोय रं माझ्या हातानं," आबा म्हणाले. "रोज एक कप वतून टाकतो. येकट्याचा काय जमंना."

मी काही विचारलं नाही. त्यांनीच पुढे सुरुवात केली. आईचं, शाहिराचं, जत्रेतल्या कुठल्याशा रात्रीचं, मला कधीच न सांगितलेलं. आयुष्यभर दुसऱ्याच्या मागे उभे राहिलेले आबा त्या दिवशी तासभर बोलले, आणि मी मागून नुसतं हं, हं म्हणत राहिलो.