रिकामी मात्रा

अमेरिकेत, ॲन आर्बरच्या सकाळच्या बसमध्ये एक म्हातारा इंग्रज रोज माझ्यासमोर बसायचा. मांडीवर पियानो वाजवल्यासारखी बोटं नाचवायचा आणि दर सात मात्रांनी उजवा हात हवेत उचलायचा. वडिलांच्या भीमगीतांच्या पार्टीत मी ढोलकी वाजवलेली. माझ्या लेखी हा सरळसरळ सात मात्रांचा रूपक ताल! त्यात पहिल्या मात्रेला टाळी नसते, हात रिकामा सोडतात.

एका रविवारी लायब्ररीत जुन्या ब्रिटिश रॉक कॉन्सर्टची फिल्म दाखवली. कीबोर्डवरच्या झिपऱ्या पोराचा हात सात मात्रांनी वर गेला आणि मी चाटच पडलो. तो म्हातारा पहिल्या रांगेत बसला होता.

हॉलमधले लोक फिल्मसोबत चार-चारच्या टाळ्या वाजवून सारखे घसरत होते. मला राहवेना, मी मोठ्याने टाळ्यांनी रूपक धरला. त्याने वळून पाहिलं, ताडकन उभा राहिला आणि माझ्याबरोबर टाळ्या देऊ लागला. हळूहळू अख्खा हॉल आमच्यामागे आला.

दिवे लागल्यावर तो म्हणाला, "पन्नास वर्षं लोक माझ्या त्या रिकाम्या जागेवर टाळ्या मारतायत. आज पहिल्यांदा ती कोणी राखली."

सोमवारी बसमध्ये दोन हात एकदम वर गेले. ड्रायव्हरने आरशात बघून बस थांबवली. उतरायचं कुणालाच नव्हतं.