कुंकू लावलेला स्प्रे

सुनंदाने पेपर स्प्रेची डबी माझ्या टेबलावर ठेवली आणि न सांगता समोरच्या खुर्चीत बसली. एरवी ती कधी अशी बसत नसे.

"सायब, एक डाव दाबा बघू."

मी दाबले. काही निघाले नाही. डबीच्या तोंडाशी लाल-पिवळे पूट घट्ट सुकले होते. ते कशाचे आहे हे मला लगेच कळले, कारण ते मीच लावले होते.

सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झाल्यावर मी पलूस भागातल्या एका साखर कारखान्यात सिक्युरिटी ऑफिसर झालो. सुनंदा शेती विभागात होती. ऊस तोडणीला आला की नाही, हे रसातली साखर मोजून ठरते. त्यासाठी ती स्कूटरवरून प्लॉटोप्लॉटी फिरे. दोन्ही बाजूंनी ऊस माजलेल्या पाणंदीत हाक मारली तरी पलीकडे जात नाही. पावसाळ्यात एका दारुड्याने तिची वाट दोनदा अडवली. पोलिसांनी त्याला समज दिली. वडिलांनी मात्र सुनंदाला बजावले, की कारखान्याने काही सोय केली तर ठीक, नाहीतर नोकरी बंद. तिला नोकरी सोडायची नव्हती.

आमच्या शेती अधिकाऱ्यांना स्टन गन, म्हणजे करंट देणारे यंत्र, आणायचे होते. लोक नुसते बघूनच पळतील, असा त्यांचा होरा. मी म्हणालो, "सर, ते समोरच्याच्या अंगाला टेकवावं लागतं. ज्याला लांब ठेवायचं, त्यालाच जवळ घ्यायचं का?" मग पेपर स्प्रे आला. त्यात मिरचीचा अर्क असतो. पाच-सहा फुटांवरून डोळ्यांत फवारा गेला की माणसाला काही वेळ काही दिसत नाही. मात्र वारा आपल्या तोंडावर असेल, तर ते डोळे आपले असतात. हे सारे मी फील्डवर फिरणाऱ्या नऊ जणींना तासभर समजावले. प्रत्यक्ष फवारा मात्र एकीलाही मारू दिला नाही. दारूगोळा जपून वापरायची जुनी सवय.

पुढे खंडेनवमी आली. पलटणीत त्या दिवशी शस्त्रपूजन चुकत नाही. मी नऊही डब्या मागवल्या, गार्डच्या काठ्यांशेजारी ओळीने मांडल्या आणि प्रत्येकीच्या माथ्यावर ओले हळद-कुंकू भरपूर लावले. काहीतरी फार योग्य केले, अशा समाधानात दोन पेढेही खाल्ले.

त्यानंतर पाचव्या दिवशी तो माणूस पुन्हा पाणंदीत आडवा आला. सुनंदा स्कूटरवरून उतरली, मी शिकवल्याप्रमाणे तिने पाय रोवले, हात लांब केला, वारा पाहिला आणि दाबले. पुन्हा दाबले.

"तिसऱ्यांदा दाबल्यावर त्योच म्हनला, काय हाय गं त्ये?"

"मग?"

"मग पाण्याची स्टीलची बाटली फेकून मारली. नाकाडावर बसली. त्यो खाली बसला, मी स्कूटर वळवली." तिने डबीकडे पाहिले. "बाटलीची पूजा न्हवती केली तुमी. म्हणून चालली."

नाक सुजलेला माणूस पोलिसांना शोधायला फार वेळ लागला नाही; बाटलीही पाणंदीतच सापडली. मला मात्र हसू येईना. तोंड बुजले ही लहान चूक होती. पूर्वी तो लांबून दिसला असता, तर सुनंदा तिथूनच मागे वळली असती. या वेळी ती थांबली, उतरली, उभी राहिली; कारण तिच्या हातात मी दिलेली डबी होती. जे धैर्य मी तिला दिले, ते मी स्वतः एकदाही तपासून पाहिले नव्हते.

संध्याकाळी तिच्या घरी जाऊन वडिलांना हे जसेच्या तसे सांगितले. त्यांनी सगळे ऐकले आणि एवढेच विचारले, "आता काय करनार?"

मी म्हणालो, यापुढे दोघी मिळून जातील. दर महिन्याला प्रत्येक डबी उडवून पाहू. माणूस दिसताच मागे वळायचे; वळायला जागा नसेल तरच स्प्रे, आणि तोही पळण्यापुरता. वडिलांनी मुलीकडे पाहिले.

"मी जानार हाय," ती म्हणाली. "पर पयला फवारा सायबांनी मारावा. आमी बघतो."

दुसऱ्या दिवशी कारखान्याच्या मैदानावर मी नऊ जणींसमोर वाऱ्याची दिशा समजावून सांगितली आणि फवारा मारला. नेमका त्याच क्षणी वारा फिरला. अर्धा तास मी नळाखाली होतो. नऊही जणी अतिशय अदबीने दुसरीकडे बघत होत्या.

"गुण हाय की, सायब," सुनंदा म्हणाली आणि प्यायला पाणी दिले. पोचा आलेली ती स्टीलची बाटली मला डोळे मिटूनही स्पर्शावरून ओळखू आली.

तेव्हा स्प्रेचा उपयोग होतो का, असे कोणी विचारले तर होतो, असे मी अनुभवाने सांगू शकतो. आधी उडवून पाहिला असेल तर. सुनंदा आजही फील्डवर आहे. खंडेनवमीला आता स्प्रेला फक्त फूल वाहतो. कुंकू बाटलीला.