आमच्या व्याह्यांची ओळखीची घरं

आमचे व्याही आजवर एकदाही वाट चुकलेले नाहीत. चुकतं ते गाव. एकदा त्यांनी आम्हा सगळ्यांना जोतिबाला म्हणून गाडीत घातलं आणि भर उन्हात एका पोल्ट्रीच्या फाटकापुढं नेऊन उभं केलं. खाली उतरले, कमरेवर हात ठेवले, चहूकडं बघितलं आणि वैतागून म्हणाले, "ह्यो रस्ता कुणी हलवला?" माणूस म्हणून चुकायचं असतं हे त्यांना कुणी शिकवलेलंच नाही. मी तिसरीतनं शाळा सोडली, पण चुकलो तर निदान मनातल्या मनात तरी कबूल करतो. त्यांचं मनही त्यांच्यासारखंच. ते कबूल करत नाही.

सारा जन्म त्यांनी एस.टी. चालवली. घाटात, चिखलात, यात्रेच्या गर्दीत चालवली, आणि गाडीला कधी ओरखडा म्हणून उमटू दिला नाही. ही एक गोष्ट मात्र खरी, आणि ती सांगताना ते एवढे ताठ बसतात की फोटो काढावा. रिटायर झाल्यावर एक जुनी सात सीटची गाडी घेतली, मागच्या काचेवर "एक दिवस गावाकडं" असं रंगवून घेतलं आणि रंकाळ्यावर उभे राहायला लागले. पुण्या-मुंबईची माणसं सकाळी उचलायची, गुऱ्हाळ दाखवायचं, उसातनं हिंडवायचं, नदीवर पाय भिजवायचे आणि दिवस मावळायला परत आणून सोडायचं. मी पहिल्याच दिवशी हसलो होतो. म्हटलं, "अवो, ऊस बघायला कोण येणार?" तर म्हणाले, "पावणं, उसाला कोण बघतंय? माझं तोंड चालतंय तेला येत्यात." तेही खरंच. बिद्रीच्या साखर कारखान्याची चिमणी लांबनं दिसली की ते गाडी हळू करणार आणि सांगणार, "ह्या धुराच्या वासानं इथली म्हस दोन लिटर जादा दूध देती." माणसं माना डोलावतात. एका बाईंनी तर खिडकी उघडून मुलांना वास घ्यायला लावलेला मी स्वतः बघितला. गाडीची किल्ली काळ्या दोऱ्यात ओवून गळ्यात असायची. आंघोळीलाही काढत नसत. पोटच्या पोराला, म्हणजे आमच्या जावयाला, ती किल्ली कधी हातात मिळालेली नव्हती.

पण त्यांची खरी कला म्हणजे ओळखीची घरं. कुठल्याही गावात त्यांचं एक ओळखीचं घर असतं. त्या घराला तेवढं ते माहीत नसतं. गल्लीतलं बरं दिसणारं दार बघायचं, उंबऱ्याशी जाऊन खणखणीत आवाजात ओरडायचं, "पावणं घेऊन आलोय!" बस्स. आमच्याकडं दारात पावणं म्हटलं की आधी पाण्याचा तांब्या बाहेर येतो, नाव-गाव मागनं निघतं. तोवर हे पलंगावर मांडी घालून बसलेले असतात आणि कुणाच्या तरी आत्याच्या दिराकडनं नातं लावून मोकळे झालेले असतात. चहा येतो, गूळ-शेंगा येतात, आणि निघताना घरधनीणच म्हणते, "पुन्यांदा यावा की."

एवढं सगळं गोड चाललं होतं तर मधेच एक भानगड झाली. माहिती सांगण्याच्या नादात ते एका मुंबईच्या जोडप्याला गुऱ्हाळावरच विसरून आले. कागलपर्यंत रिकाम्या सीटला इतिहास सांगत होते. त्या जोडप्यानं आमच्या जावयाला फोन करून जे काय ऐकवलं, त्यावर जावई शांतपणे एवढंच म्हणाला, "आणखी एक भानगड, की गाडी विकायची. वय झालंय तुमचं." त्या दिवसापासून व्याही घरात पावलं न वाजवता चालायला लागले. मग माझ्या लेकीचा मला फोन. "आबा, रविवारी तुम्ही जावा मामंजींच्या संगं. पुण्याची माणसं हाईत. काय वेडंवाकडं झालं तर गाडी जाईल, आणि गाडी गेली तर मामंजी खाटंला लागतील." मला कुणी कुठं जायला सांगितलं की मी जात नाही. पण लेकीचा आवाज वेगळा होता. फेटा बांधला, कोट चढवला आणि पुढच्या सीटवर जाऊन बसलो.

पुण्याचे तिघंच होते. साहेब, त्यांच्या बाई आणि सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचा इंजिनिअर मुलगा. माणसं फार चांगली. आमचे व्याही त्या दिवशी जपून होते, म्हशीच्या दुधाचंसुद्धा एकच लिटर वाढवलं. पण मुरगूडच्या अलीकडं ठरलेल्या गुऱ्हाळावर पोचलो तर चुलाण थंड. रस उकळायची काहील गळायला लागली म्हणून दुरुस्तीला नेलेली. मी म्हटलं, "झालं. आता सरळ सांगा गुऱ्हाळ बंद हाय म्हणून." ते माझ्याकडं न बघता मागं वळून म्हणाले, "गुऱ्हाळ दुपारी. आधी आपल्या ओळखीच्या घरी चहा." आणि कधी न बघितलेल्या एका गावात गाडी घातली.

गल्लीच्या टोकाला एक घर अगदी सजून बसलेलं. अंगणात सडा, रांगोळी, पडवीत खुर्च्या मांडून वर नव्या चादरी टाकलेल्या. व्याह्यांचा चेहरा खुलला. "बघा साहेब, किती तयारी!" म्हणाले, आणि उंबऱ्याशी जाऊन ओरडले, "पावणं घेऊन आलोय!"

आतनं घरधनी धावतच आला. "या, या! कवाधरनं वाट बघालोय. बसा, वर बसा." मला हाताला धरून मधल्या खुर्चीवर बसवलं, मुलाला पंख्याखाली. पुण्याच्या बाई भारावून म्हणाल्या, "अहो, किती आपुलकी आहे या लोकांच्यात!" साहेबांनी चौकशी सुरू केली. "ऊस किती एकर आहे तुमचा?" घरधनी जरा घुटमळला. "तीन एकर हाय. पाणी बारमाही." साहेब म्हणाले, "वा! बघायला मिळेल का?" घरधनी "दावू की," म्हणाला आणि मुलाकडं वळला. "शिक्षण?" मुलानं सांगितलं. "नोकरी कायमची न्हवं?" मुलगा हसून हो म्हणाला. तेवढ्यात पोह्यांच्या बशा आल्या, वर खोबरं-कोथिंबीर, आणि बशांच्या मागोमाग नव्या साडीतली एक मुलगी आली, खाली मान घातलेली. ती सरळ माझ्यापुढं आली, वाकून माझ्या पाया पडली आणि समोर ठेवलेल्या खुर्चीवर बसली. दाराआड बांगड्या वाजल्या. घरधनी मला म्हणाला, "इचारा पावणं, काय इचारायचं ते."

मी बशी खाली ठेवली. घरानं आम्हाला मुलगी बघायला आलेलं स्थळ समजलं होतं. फेटेवाला म्हातारा मी, आई-बाप, पंख्याखाली मुलगा, आणि पावणं घेऊन आलोय म्हणून ओरडणारा मध्यस्थ. कशात काही कमी नव्हतं. त्यात पुण्याच्या बाईंनी प्रेमानं विचारलं, "नाव काय गं तुझं? पोहे तूच केलेस? किती छान!" दाराआड हायसं वाटल्याचा आवाज झाला. मी व्याह्यांना कोपरखळी मारली आणि कानात सांगितलं. त्यांचा चमचा बशीत तसाच राहिला. मी म्हटलं, "गप उठूया. गाडीत बसू आणि जाऊ." त्यांनी मुलीकडं बघितलं. ती पदराचं टोक बोटाला गुंडाळत होती.

घरधन्याचा फोन वाजला. "व्हय, बोला. कुठं? स्टँडवर? कुरुंदवाडचं पावणं स्टँडवर आलंय?" त्यानं फोन खाली घेतला आणि आमच्या एकेकाच्या तोंडाकडं बघितलं. "मग तुमी कोण?"

मी उत्तर जुळवत होतो. तोवर आमचे व्याही उभे राहिले, डोक्यावरची टोपी काढली आणि म्हणाले, "मी चुकलो. ही सहलीची माणसं. मी गाईड हाय. वळख न्हाय-पाळख न्हाय, तुमच्या घरात घुसलो." सोयरीक झाल्यापासनं हे शब्द मी त्यांच्या तोंडून ऐकले नव्हते.

घरधनी लाल झाला. "पोरगी बघितलीसा, पोहं खाल्लंसा, आणि आता सहल? माझी पोरगी म्हंजे काय परदर्शन हाय?" त्यानं कोपऱ्यातली काठी घेतली. साहेब बाईंच्या पुढं येऊन उभे राहिले. बाहेर गल्लीत हॉर्न वाजला. गल्ली एकच आणि ती तिथंच संपत होती, त्यामुळं जायचं म्हटलं तरी त्या पाहुण्यांच्या अंगावरनंच जावं लागणार. मुलगी ओंजळीत तोंड घालून बसली होती. आधी एक स्थळ बघून गेलं म्हणून कळलं, तर आलेलं स्थळ अंगणातनं परत फिरणार, हे सगळ्यांनाच दिसत होतं. तेव्हा दाराआडची आई बाहेर आली. नवऱ्याच्या हातातली काठी घेऊन तिनं दारामागं ठेवली. "ही माझ्या माहेरची माणसं. मी बोलावलीत. कळलं?" मग आमच्या व्याह्यांना म्हणाली, "दादा, तोंड आवरा आणि बसा."

कुरुंदवाडचं पावणं आलं. आईनं आमची ओळख मुलीच्या मामाकडची माणसं म्हणून करून दिली. त्यांच्यातला एक मिशीवाला काका मोठा चौकस. पोहे खायच्या आधी त्याची नजर पंख्याखाली गेली. "हे मामाकडचं काय? ह्या पोराचं लगीन व्हायचं दिसतंय. घरात असलं पोरगं असताना बाहेर कशाला बघालाय, पावणं?" मुलीच्या आईनं हातातला तांब्या खाली ठेवला. आणि आमचे व्याही, ज्यांना तोंड आवरायला सांगितलं होतं, ते मोठ्यानं हसले. "ह्यो व्हय? ह्यो आमचा डायव्हर! काय रं, इथं काय बसलायस पंख्याखाली? जा, गाडी वळवून लाव." असं म्हणून त्यांनी गळ्यातला काळा दोरा काढला आणि किल्ली त्याच्या हातात दिली.

पुण्याच्या बाई ताठ झाल्या. "ड्रायव्हर? अहो, तो—" मी इतक्या जोरात खोकलो की फेटा सैल झाला. साहेबांनी बाईंचा हात दाबला. मुलगा हुशार. उठला, "व्हय की, लावतो," म्हणाला. त्या पुणेरी तोंडातनं ते "व्हय की" असं काही निघालं की काकानं मिशीवरनं हात फिरवत त्याच्याकडं दोनदा बघितलं.

आम्ही कानात जीव आणून बसलो. इंजिन सुरू झालं. मग एक घरघर, मग बायकांचा गलका, आणि मग पत्रा चेपल्याचा असा आवाज, जो मी व्याह्यांच्या गाडीतनं कधी ऐकला नव्हता. मागचं अंग दगडी कट्ट्यावर बसलं होतं आणि एक चाक गटारात. व्याह्यांनी डोळे मिटले, पण जागचे हलले नाहीत. उठला तो कुरुंदवाडचा नवरदेव. तोवर एक शब्द बोलला नव्हता. त्यानं नव्या शर्टाच्या बाह्या सारल्या, गटारात उतरला आणि पुण्याच्या मुलाच्या खांद्याला खांदा लावून गाडी ढकलायला लागला. चाक निघालं तेव्हा दोघांच्या तोंडावर चिखल उडाला, आणि आतल्या खिडकीतनं मुलीचं हसू बाहेर आलं. नवरदेवानं वर बघितलं. झालं, त्यानंतर काकाच्या चौकशांना कुणी विचारलं नाही. निघताना काका आमच्या व्याह्यांना तेवढा म्हणाला, "पावणं, डायव्हर बदला."

परतीच्या वाटेवर पुण्याची माणसं रडेपर्यंत हसत होती. मुलगा सारखा म्हणत होता, "काका, चूक माझी आहे, घरी मी सांगतो." व्याह्यांनी गाडी बाजूला घेतली आणि मागं वळले. "न्हाय. एक शब्द कुठं बोलायचा न्हाय, मोबाईलवर टाकायचं न्हाय. लगीन होऊपर्यंत त्या पोरीचं नाव निघायला नको." मग माझ्याकडं बघून म्हणाले, "तुमीबी, पावणं."

घरापुढं जावई उभाच होता. गाडीचं मागचं अंग बघून त्याचा चेहरा पडला. "हे कुणी केलं?" मी तोंड उघडणार तोच व्याही म्हणाले, "माझ्या हातनं झालं. मागं घेताना कट्टा दिसला न्हाय." जावई रागावला असता तर बरं झालं असतं. तो रागावला नाही. त्यानं बापाच्या डोळ्यांकडं बघितलं आणि हळूच हात पुढं केला. व्याह्यांनी किल्ली त्याच्या हातावर ठेवली.

वैशाखात लग्न लागलं. आम्हा दोघांना मामाकडचे म्हणून आहेर झाला. येताना मी म्हटलं, "आता तरी पोराला खरं सांगा." ते म्हणाले, "काय सांगू? गाडी गेली की. आता सांगितलं तर उगं जिवाला लावून घेईल."

परवा लक्ष्मीपुरीत बाजाराला गेलो होतो, मी, व्याही आणि जावई. रस्ता ओलांडायच्या आधी जावयानं बापाचा हात धरला. डोळ्यांनी दिसत नाही ना त्यांना. व्याह्यांनी लांबनं येणारी एस.टी. माझ्या आधी बघितली होती, तिच्या कपाळावरची पाटीसुद्धा ओठातल्या ओठात वाचली होती. पण हात सोडवून घेतला नाही. पोरानं चला म्हटल्यावर चालले, थांबा म्हटल्यावर थांबले, आणि पलीकडं पोचल्यावर माझ्याकडं वळून बघितलं, मी काही बोलत तर नाही ना म्हणून.